फेटा: बांधणं, टिकवणं, दिवसभर वागवणं. अनुभव लिहा

जरीकाठ
ट्रंकेतून आजोबांचा कोशा (रेशमी) पटका वर आला आणि आता फेट्यावर चर्चेचा धागा काढल्याशिवाय चैन पडणार नाही. लग्न, मुंज, सत्कार, पाडव्याची शोभायात्रा, जिथे तिथे फेटे. आणि दुपारपर्यंत निम्मे एका कानावर आलेले. बांधणाऱ्यांनी, बांधून घेणाऱ्यांनी, नंतर घड्या घालत बसणाऱ्यांनीही लिहा. किस्से नकोत, कृती लिहा.

सुरुवात लांबीपासून. फेटा म्हणून ५ मीटरपासून ९ मीटरपर्यंत काहीही मिळतं. मोठ्या माणसाच्या डोक्याचा घेर साधारण ५५ ते ५८ सेंटिमीटर, पण थर चढत जातात तसा एक वेढा ६५ ते ७० सेंटिमीटर कापड खातो. शेमल्याला (पाठीवर सोडायचं टोक) १ मीटर, तुऱ्याला (वर उभं राहणारं चुण्यांचं टोक) पाऊण, टाळू झाकायला अर्धा मीटर बाजूला काढला की ८ मीटरच्या फेट्यात वेढ्यांना पावणेसहा मीटर उरतात. म्हणजे साधारण साडेआठ वेढे. ५ मीटरमध्ये जेमतेम चार. चार वेढ्यांचा पीळ भरत नाही, मग शेमला आखूड करून वेळ मारून नेतात. मुंजीच्या बटूला मात्र ४ मीटर पुष्कळ झाले, शेमला अर्ध्या मीटरचा. त्याला ८ मीटर गुंडाळलंत तर मान खाली घातली की फेटा मातृभोजनाच्या ताटात.

मलमल
कापड, कापड, कापड! सुती मलमल धरून बसते. साटीन आणि चकचकीत नकली रेशीम घसरतं, कितीही आवळा. तसंच कापड बांधायची वेळ आली तर आधी डोक्याला चार बोटं रुंद सुती पट्टी गुंडाळा, गाठ मागे, मानेच्या वर. पहिला वेढा त्या पट्टीवर बसवायचा. नवीन लाल किंवा राणी रंगाचा फेटा असेल तर ही पट्टी हवीच, नाहीतर घामाबरोबर रंग कपाळावर उतरतो आणि फोटोत नवरदेव भांडून आल्यासारखा दिसतो.

खळ फक्त तुऱ्याच्या टोकाला, एक मीटरभर. अख्ख्या फेट्याला खळ दिली की वेढे एकमेकांत बसत नाहीत आणि कपाळावर कड टोचते.

चहाटळ
खळ कसली? तांदळाची की साबुदाण्याची?

मलमल
साबुदाण्याची. १ लिटर पाण्याला २ सपाट चमचे, पारदर्शक होईपर्यंत शिजवायची आणि गाळायची. गाळली नाही तर गाठी वाळून पांढरे ठिपके दिसतात, गडद रंगावर फारच. तुरा अर्धवट ओला असतानाच चुण्या घालून इस्त्री.

चहाटळ
म्हणजे एकादशीच्या लग्नात तुरा चघळायला हरकत नाही :)

पीळदार
बांधायची कृती लिहितो. कोल्हापुरी पद्धत.

दोघांनी कापड ताणून धरायचं. शेमल्याचा मीटरभर भाग तसाच रुंद ठेवायचा. त्यापुढचं कापड चुण्या घालून चार-पाच बोटं रुंदीत गोळा करायचं. शेमला पाठीवर सोडायचा, टोक कमरेशी. कापड टाळूवरून पुढे आणायचं. त्यातली एक चुणी टाळूवर मोकळी ठेवायची, शेवटी ती पसरून डोकं झाकायचं असतं. कपाळावर आलं की हलका पीळ द्यायचा आणि वेढा सुरू. पहिला वेढा भुवईच्या दोन बोटं वर, कानाच्या वरच्या पाळीला जेमतेम टेकेल असा, आणि मागे डोक्याचा जो उंचवटा असतो त्याच्या खालून. ही मागची जागा चुकली की सगळं चुकलं. उंचवट्याच्या वरून वेढा नेला तर फेटा धरायला काही राहत नाही, वर सरकत सरकत टोपीसारखा निघून येतो.

पुढे एक वेढा उजवीकडे चढता, दुसरा डावीकडे चढता. कपाळाच्या मध्यावर फुली पडत गेली पाहिजे. प्रत्येक वेढा आधीच्यापेक्षा अर्धं बोट वर. ताण पहिल्या दोन वेढ्यांतच द्यायचा, पुढचे नुसते बसवायचे. बरेच जण उलटं करतात. आधी सैल आणि मग शेवटचे वेढे आवळून भरपाई. त्याने बाहेरचा थर घट्ट होतो, आतला डोक्यावर फिरत राहतो.

शेवटचं टोक मागून आत खोचायचं आणि तुरा वर काढायचा. तुऱ्याच्या चुण्या दोन बोटं रुंदीच्या, खालच्या बाजूला सुईदोऱ्याचे दोन टाके. सेफ्टी पिन लावायची तर आडवी, तीही कापडाच्या दोन थरांतूनच, टाळूकडे टोक नको.

ताण बरोबर आहे का ते बघायला कानशिलाजवळ एक बोट आत घालून बघा. सहज गेलं तर ठीक. दोन गेली तर सैल. एकही जात नसेल तर तासाभरात डोकं ठणकणार.

शेव_चिवडा
आमच्या भागात तुरा आधी. सुरुवातीचं टोक चुण्या करून डोक्यावर धरून ठेवायचं आणि शेवटी उरेल तो शेमला.

पीळदार
चालतं की. फायदा असा की तुरा खालच्या वेढ्यांत पक्का दाबला जातो, डुलत नाही. तोटा, शेमला किती उरेल ते हाताच्या अंदाजावर. पाच भावांना एकाच मापाचे फेटे बांधायचे तर पाच लांबीचे शेमले निघतात. रांगेत उभे राहिले की दिसतं.

कुड्या_मोत्याच्या
बायकांचं कुणी लिहीत नाहीये म्हणून लिहिते, कुकर होईपर्यंत.

नऊवारीवर फेटा असेल तर उंच अंबाडा विसरा. खोपा खाली, मानेलगत, किंवा सरळ वेणी. अंबाडा वर असला की मागचा वेढा त्याच्या खाली जातो आणि पुढचा कपाळावर उतरतो. धुतलेले केस सुळसुळीत असतात, त्यामुळे आदल्या दिवशी धुवा, त्या दिवशी नको. पहिल्या वेढ्याच्या ओळीवर केसांत आधी चार पिना फुलीसारख्या लावून ठेवायच्या, दोन कानांवर, दोन मागे. कापड त्यांना अडकतं.

क्रम: मेकअप, मग कानातलं, मग फेटा, सगळ्यात शेवटी नथ. नथ आधी घातली तर फेटा फिरवताना कापड हमखास तिच्यात अडकतं. कुड्या ठीक. कानवेल किंवा केसात अडकवायच्या साखळीचे झुमके नकोत, साखळीचा आकडा वेढ्याखाली दाबला जातो आणि कानामागे टोचत राहतो. चंद्रकोरीची टिकली फेटा झाल्यावर लावा, कारण कपाळ किती उरणार ते आधी कळत नाही.

टिकली_वाली
+१ नथीबद्दल. आणि गजरा? तो कुठे घालायचा मग?

कुड्या_मोत्याच्या
खोप्याभोवतीच. फेट्याला गुंडाळू नका, ओल्या गजऱ्याचा डाग जरीवर राहतो. शिट्टी झाली, पळते.

निवांत
चष्मा! फेटा बांधताना चष्मा काढून ठेवा आणि झाल्यावर काड्या पहिल्या वेढ्याच्या खालून सरकवा. चष्म्यावरून बांधला तर काडी कानशिलात रुतते आणि मध्येच चष्मा काढायची सोय उरत नाही. कानातलं यंत्र असलेल्या आजोबांना कानाच्या वरच्या पाळीपासून बोटभर वर बांधा, कापड यंत्राला घासलं की खरखर आणि शिट्टी.

चहाटळ
कान उघडे ठेवण्याचं खरं कारण कानपिळी आहे हो. मेहुणा कान शोधतोय, कान फेट्यात, भटजी थांबलेत.

शेव_चिवडा
आणि न सापडल्याची भरपाई म्हणून अंगठी मागतो.

चहाटळ
अंगठी सापडली तरी मागतोच.

अक्षता
नवरदेवाचं राहिलंच. मुंडावळ्या फेट्याच्या वरून, आतून नाहीत. दोरी मागे शेमल्याच्या खालून नेऊन बांधायची, म्हणजे गाठ झाकते. मोत्याच्या मुंडावळ्या जड असतात, त्या पहिल्या वेढ्यावर न टेकवता दुसऱ्या-तिसऱ्या वेढ्याच्या फुलीत बसवा, डोळ्यांवर येत नाहीत. तुरा, शिरपेच, मोत्याची लड, सगळं एकाच बाजूला लावू नका. वजन एका अंगाला गेलं की फेटा त्या बाजूला कलतो. शिरपेच मध्ये, लड विरुद्ध बाजूला.

होमाला बसताना शेमला खांद्यावरून पुढे घेऊन मांडीवर दाबून ठेवा किंवा मागे कमरेत खोचा. नकली रेशीम ठिणगी पडली की वितळून चिकटतं, सुती कापडाला नुसतं भोक पडतं. आणि अंतरपाट धरणाऱ्यांना सांगा, तुऱ्याची उंची धरून जरा वर धरा. नाहीतर नवरीला आधी तुरा दिसतो.

हिरवा_कंदील
शोभायात्रेत फेटा घालून दुचाकीवर जाणाऱ्यांनो, फेटा म्हणजे हेल्मेट नव्हे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १२९ मध्ये सवलत आहे ती पगडी घातलेल्या शिखांना. आपल्या फेट्याला नाही. वर वाऱ्याने शेमला मागच्या चाकात जायचा धोका वेगळाच.

टिकली_वाली
मग जायचं कसं? सगळ्याजणी बुलेटवर जायचं ठरलंय.

हिरवा_कंदील
हेल्मेट घालून जमायच्या ठिकाणी पोहोचा, फेटा तिथे बांधा, चालत मिरवा. माणशी पाच मिनिटं धरली तर वीस जणींना एक बांधणारा पावणेदोन तास घेईल. दोन बांधणारे आणि चुण्या घालून देणारी दोन पोरं ठेवा, पाऊण तासात उरकेल.

साधा_माणूस
सत्कार समारंभात स्टेजवर फेटा बांधू नये, माझं स्पष्ट मत. पाहुणा उभा, निवेदक दोन वाक्यं पुन्हा पुन्हा बोलतोय, घाईत बांधलेला फेटा भाषणाच्या वेळी घसरतो. तयार शिवलेला आणा. त्याची मापं इंचात असतात, साधारण साडेएकवीस ते तेवीस. पाहुण्याचं माप माहीत नसेल तर मोठा आणा आणि आतून कपाळाच्या बाजूला स्पंजची पट्टी लावा. लहान आणलात तर काहीच उपाय नाही, डोक्यावर नुसता ठेवलेला दिसतो.

मागे लवचीक पट्टी असलेला तयार फेटा मला आवडत नाही. पट्टी सैल पडत जाते आणि आवळली की कापड मागे गोळा होतं.

नवखा_०७
पुणेरी पगडी पण अशीच बांधतात का? आमच्याकडे दोन्ही आणायचं चाललंय.

साधा_माणूस
नाही. पगडी कारागीर आधीच घडवतो, घालणाऱ्याने फक्त डोक्यावर ठेवायची. तिला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. माप चुकलं तर पगडी दुरुस्त होत नाही, त्यामुळे घेताना डोक्यावर घालूनच घ्या. मान हलवून बघा, खाली वाकून बघा.

मलमल
जरीकाठ, तुमचा कोशा पटका किती जुना आहे? जुन्या रेशमाला खळ नको, घट्ट पीळ नको. घडीच्या रेषांवर कापड आधीच कमजोर झालेलं असतं, तिथेच पीळ पडला तर टरकन फाटतं. उजेडासमोर धरून बघा. रेषांवर धागे विरळ दिसले तर तो बांधू नका, शेल्यासारखा खांद्यावर घ्या.

जरीकाठ
धरून बघितला. दोन घड्यांवर विरळ आहे. खांद्यावरच घेणार. कपाटात ठेवायचं कसं?

मलमल
मऊ सुती कापडात, घडी न घालता नळीवर गुंडाळून. डांबरगोळ्या जरीला चिकटू देऊ नका. आणि अत्तर, स्प्रे वगैरे फेटा डोक्यावर चढवायच्या आधी मारा, नाहीतर जरीचा धागा काळा पडतो.

शेव_चिवडा
धुण्याबद्दल: सुती बांधणी (गाठी बांधून रंगवलेलं कापड) असेल तर पहिल्या दोन-तीन वेळा वेगळी, थंड पाण्यात, पिळायची नाही. सावलीत आडवी वाळवा. दोरीवर उभी टांगली तर ओल्या वजनाने लांबी वाकडी ओढली जाते आणि पुढच्या वेळी चुण्या सरळ येत नाहीत. घामाचा फेटा तसाच बांधलेला ठेवला की आतल्या थराला पिवळे डाग पडतात.

नवखा_०७
पण साखरपुडा आज आणि लग्न उद्या असेल, बांधणारा एकदाच येणार, तर? सोडायचाच का?

पीळदार
सोडू नकोस. दोन्ही हातांनी मागून धर, अंगठे आत, आधी मागची बाजू वर उचल आणि मग पुढे काढ. पुढून ओढलास तर कपाळावरची फुली सुटते. डोक्याच्या मापाचा स्टीलचा डबा उपडा ठेव, त्यावर फेटा बसव, शेमला मोकळा सोड. पंख्याखाली ठेव, आतला घाम वाळेल. उद्या घालताना आधी कपाळ, मग मागे.

नवखा_०७
डबा किती किलोचा?

कुड्या_मोत्याच्या
किलो नको बघूस. दोरी डोक्याभोवती फिरव आणि तीच डब्याला लावून बघ. आमटी संपली असेल तो घे.