वॉर अँड पीसमधलं ते द्वंद्व: बीबीसीने माती केली की बरं केलं?

उंटावरचा शहाणा: टॉलस्टॉयच्या 'वॉर अँड पीस' कादंबरीवरची बीबीसीची 2016 ची मालिका काल संपवली, सहाच भाग आहेत. बाकी झकास, पण नायक पिएर आणि त्याच्या बायकोशी, एलेनशी, लफडं असल्याचा संशय असलेला डोलोखॉव यांचं पिस्तुलाचं द्वंद्व बघून डोकं फिरलं राव. कादंबरीत पिएरच्या हातात असतं काय, तर एक निनावी पत्र आणि गावभरची कुजबुज, टॉलस्टॉय ते लफडं आपल्यालाही दाखवत नाही. इथे लफडं सरळ पडद्यावर! मग राहिलं काय, नवरा चिडला, गोळी झाडली, विषय संपला. खरी गोम अशी की कादंबरीत सोकोल्निकीच्या जंगलात, बर्फात उभा राहून हाच पिएर मनात म्हणतो, डोलोखॉवच्या जागी मी असतो तर मीही कदाचित हेच केलं असतं, आणि तरी समेटाला नाही म्हणतो.

निवांत: असहमत. मनातलं सहा भागांत दाखवणार कसं? 1972 ला बीबीसीनेच 20 भाग केले होते, अँथनी हॉपकिन्सला पिएर करून. तेवढा धीर आज कोणाकडे आहे? आणि 2016 च्या पिएरचा, पॉल डॅनोचा, तो भांबावलेला चेहरा बघा की, आयुष्यात पिस्तूल न धरलेला माणूस असाच दिसणार.

कडू कारलं: मला तर अख्खा प्रकारच खुळचट वाटतो. भर मेजवानीत डोलोखॉवने सुंदर बायका आणि त्यांच्या यारांच्या नावाने पेला उचलला, म्हणून जीव द्यायचा?

उंटावरचा शहाणा: @कारलं, खुळचट आहेच, पिएर स्वतःच नंतर 'मूर्खपणा' असं पुटपुटतो. पण आपल्या काव्य-कादंबरीत नायक वनेगिनकडून त्याच्या मित्राला, लेन्स्कीला, द्वंद्वात मारवणारा रशियन कवी पुश्किन, म्हणजे हे सगळं कळून चुकलेला माणूस, 1837 ला स्वतः द्वंद्वातच गेला ना? नाही म्हणणाऱ्याला भित्रा म्हणायचे, आणि ते गोळीपेक्षा वाईट.

सुगरण: तुम्ही दोघे पुरुषांच्या अब्रूवर भांडताय, एलेनला कोणी विचारलं का? ती येऊन नवऱ्याला झाडते की मॉस्कोभर माझं हसं केलंस, तर हा बाबा संगमरवराची फळी उचलून तिच्या अंगावर. कसली डोंबलाची अब्रू.

निवांत: आणि आठवड्याभराने आपल्या बहुतेक जमीनजुमल्याचा कारभार तिच्याच हातात देऊन एकटाच पीटर्सबर्गला निघून जातो 😄