प्रति: यान फिरवलं की झालं?
वरच्या पोस्टमध्ये म्हटलंय की अंतराळयान स्वतःभोवती फिरवलं की वजनरहित अवस्थेचा प्रश्न मिटला. तत्त्व बरोबर आहे, पण खरी मेख त्रिज्येत, म्हणजे फिरण्याच्या केंद्रापासूनच्या अंतरात आहे. मिनिटाला २ फेऱ्यांत पृथ्वीइतकं वजन जाणवायचं तर त्रिज्या साधारण २२४ मीटर हवी. ४ फेऱ्या केल्या तर ५६ मीटरवर भागतं, पण मग नुसती मान वळवली तरी गरगरू शकतं.

म्हणून मला दोरीचा पर्याय जास्त पटतो: दोन यानं लांब दोरीने बांधून एकमेकांभोवती फिरवायची, म्हणजे अवाढव्य यान न बांधताही मोठी त्रिज्या मिळते. १९६६ मध्ये नासाचं जेमिनी-११ हे यान आणि अजेना हे मानवरहित यान ३० मीटरच्या पट्ट्याने बांधून फिरवले होते. वेग अगदीच कमी, त्यामुळे अंतराळवीरांना काही जाणवलं नाही. पण यानातल्या उपकरणांच्या पॅनेलपाशी सोडलेला कॅमेरा सरळ मागे सरकत गेला! मंगळाच्या वाटेवर यानाच्या जोडीला रॉकेटचा रिकामा टप्पा बांधून हे करून बघायलाच हवं.