मदत हवी आहे - सिव्हिल जजसाठी ३ वर्षांच्या प्रॅक्टिसचं सर्टिफिकेट

नमस्कार मंडळी, इंदूरमध्ये कोणी वकील किंवा ज्युडिशियरीची तयारी करणारे असतील तर प्लीज सांगा. माझी भाची लॉ करून इथल्याच जिल्हा कोर्टात एका वकीलसाहेबांकडे ज्युनिअर आहे, तिला सिव्हिल जजची परीक्षा द्यायचीय (आपल्या एमपीत ती जबलपूरचं हायकोर्टच घेतं, प्रिलिम, मेन्स मग इंटरव्ह्यू). आता २० मे २०२५ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालाने ३ वर्षं प्रॅक्टिस कंपल्सरी झालीये. ही वर्षं प्रोव्हिजनल एनरोलमेंटपासून (बार कौन्सिलमधल्या तात्पुरत्या नोंदणीपासून) मोजतात, बार एक्झाम (वकिलीसाठीची परीक्षा) पास झाल्यापासून नाही, एवढं कळलं, तेवढाच दिलासा.

घोडं अडलंय सर्टिफिकेटवर. ते एकतर त्या कोर्टाच्या मुख्य न्यायाधीशांचं हवं, नाहीतर तिथल्याच किमान १० वर्षं जुन्या वकिलाचं आणि त्यावर जिल्ह्याच्या मुख्य न्यायाधीशांचं एन्डोर्समेंट (दुजोऱ्याची सही). तिचे साहेब स्वभावाने देवमाणूस, पण त्यांची स्वतःचीच १० वर्षं भरलेली नाहीत! मग दुसऱ्या सीनियरने दिलेलं चालतं का, ज्यांच्याकडे ती कधी बसलीच नाही? आणि पुरावा म्हणून काय लावता, वकालतनाम्यावर तर बहुतेक वेळा साहेबांचंच नाव असतं, हिचं नाव फार तर तारीख घेताना ऑर्डरशीटवर (कोर्टाच्या रोजच्या नोंदीत) येतं, तेही रीडरच्या (कोर्टातल्या कारकुनाच्या) मर्जीवर.

वहिनी म्हणतात न्यायमूर्तींकडे लॉ क्लर्क हो, तो अनुभवही धरतात. ते बरोबर आहे, पण जागा निघाल्याचं कळतं कुठे? बडोद्याला जाऊन गुजरातमधून परीक्षा देण्याचा सल्ला कृपया नको, तिथे गुजरातीची परीक्षा असते आणि हिला वाचताही येत नाही.

ज्यांनी हल्लीच सही घेतलीये त्यांनी जरा डिटेलमध्ये लिहा ना.