तीन मूर्ती भवन: नेहरूंचे घर आणि बाग पाहताना वेळ कसा वाटून घ्यावा?

प्रश्न

येत्या हिवाळ्यात आईला आणि दोन शाळकरी मुलांना घेऊन दिल्लीला जायचे ठरले आहे. पंडित नेहरू पंतप्रधान असताना जिथे राहिले ते तीन मूर्ती भवन पाहावे, ही आईची फार दिवसांची इच्छा आहे. मात्र २०२२ पासून त्याच आवारात पंतप्रधान संग्रहालय सुरू झाले असल्याने नव्या दालनांतच सारा वेळ जाईल आणि मूळ घर व बाग घाईघाईने उरकावी लागेल, अशी धास्ती वाटते. आई सावकाश चालते. आधी काय पाहावे आणि काय सोडले तरी चालेल, हे जाणकारांनी सांगावे.

पहिला प्रतिसाद

माझे मत स्पष्ट आहे: बाग आधी, खोल्या नंतर, आणि नवी इमारत सर्वांत शेवटी. नव्या दालनांत पडदे, ध्वनिफिती आणि मजकूर इतका आहे की तिथून बाहेर पडल्यावर शांतपणे काही पाहण्याची शक्ती उरत नाही.

हे घर मुळात पंतप्रधानांसाठी बांधलेलेच नव्हते. कॅनॉट प्लेसचा आराखडा करणारे रॉबर्ट टोर रसेल यांनी ते ब्रिटिश सरसेनापतीसाठी बांधले, १९३० मध्ये ते पूर्ण झाले आणि तेव्हा ते फ्लॅगस्टाफ हाउस म्हणून ओळखले जाई. नेहरू १९४८ मध्ये तिथे राहायला आले आणि २७ मे १९६४ रोजी त्याच घरात त्यांचे निधन झाले. त्यानंतरचे पंतप्रधान लालबहादूर शास्त्री तिथे राहायला गेले नाहीत. त्याच वर्षी १४ नोव्हेंबरला, नेहरूंच्या जयंतीदिनी, राष्ट्रपती राधाकृष्णन यांच्या हस्ते ते स्मारक संग्रहालय म्हणून राष्ट्राला अर्पण झाले.

घराच्या मागच्या बाजूने हिरवळीवर उभे राहून इमारतीकडे नीट पाहावे. परकीय सेनापतीचा रुबाब दाखवण्यासाठी उभारलेली ती भव्यता आणि आत जतन केलेली शयनगृह व अभ्यासिका यांत जे अंतर आहे, ते मला या भेटीतील सर्वांत मोलाचे वाटते, कारण सत्ता लोकनियुक्त माणसाच्या हाती आल्यावर तेच घर कसे वेगळ्या तऱ्हेने वापरले गेले हे तिथे डोळ्यांना दिसते. बागेतच एक ओबडधोबड ग्रॅनाइटची शिळा आहे. १४ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री नेहरूंनी केलेल्या भाषणातील उतारा तिच्यावर कोरला आहे. आईंना तिथवर अवश्य न्यावे.

दुसरा प्रतिसाद

मुलांसाठी थोडी भर घालतो. नेहरू या आवारात लाल पांडा पाळत असत, हे आधी सांगून ठेवले तर मुले बागेत आपणहून रमतील. याच आवारात १९८४ मध्ये सुरू झालेले तारांगण आहे आणि राकेश शर्मा अंतराळातून ज्या कुपीतून परतले ती सोयुझ टी-१० कुपी तिथे ठेवलेली आहे. जवळच फिरोजशाह तुघलकाच्या काळातील कुशक महाल ही चौदाव्या शतकातील शिकारीसाठीची वास्तू आहे. ती मात्र धावती पाहिली तरी चालेल.

बागेबद्दल बोलतोच आहोत तर १, सफदरजंग रोडचाही विचार करावा. इंदिरा गांधी ३१ ऑक्टोबर १९८४ रोजी सकाळी घरातून शेजारच्या कार्यालयाकडे ज्या पायवाटेने निघाल्या होत्या, त्या वाटेवर आता स्फटिकाचे आच्छादन आहे. घरातील खोल्या साध्या आहेत, पण त्या वाटेपाशी पोहोचल्यावर बोलणारी माणसे आपोआप गप्प होतात. लहान मुलांना त्यामागची घटना आधी समजावून सांगणे बरे.

तिसरा प्रतिसाद

वरील दोन्ही प्रतिसाद उपयुक्त आहेत, तरी एक वेगळी बाजू मांडतो. नेत्यांची घरे खुली करणे चांगलेच. परंतु दिवंगत नेत्याचा प्रत्येक सरकारी बंगला स्मारक होऊ लागला, तर लोकांची जागा लोकांना परत मिळण्याऐवजी ती एका कुटुंबाच्या किंवा पक्षाच्या आठवणीत अडकून पडते. सरकारी बंगल्यांची स्मारके करू नयेत असा निर्णय केंद्रीय मंत्रिमंडळाने २००० साली घेतला, तो मला योग्य वाटतो. तीन मूर्ती भवनाचे समर्थन मी करतो ते तिथल्या ग्रंथालयामुळे आणि दस्तऐवजांच्या संग्रहामुळे, कारण आधुनिक भारताच्या इतिहासावर काम करणाऱ्या अभ्यासकांना त्या संग्रहाने दशकानुदशके आधार दिला आहे.

प्रश्नकर्ता

सर्वांचे मनापासून आभार. सकाळी बाग आणि मूळ घर, मधे विश्रांती, मग मुलांसाठी तारांगण, असे ठरवतो. सफदरजंग रोड त्याच दिवशी जमेल का?

पहिला प्रतिसाद देणारे

अंतर फार नाही, पण आई सावकाश चालतात म्हणून दुसरा दिवस ठेवावा. दोन्ही ठिकाणे सोमवारी बंद असतात, तेव्हा तो वार टाळावा. गुलाब पाहायचे असतील तर डिसेंबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम. मात्र डिसेंबरअखेर आणि जानेवारीत धुके दाट असते, म्हणून पहाटेची गाडी किंवा विमान धरून त्याच सकाळी बाग पाहण्याचा बेत करू नये.