मदत हवी आहे: विद्यार्थ्याने हात उगारला तर टीचरने काय करायचं?

नमस्कार मंडळी, माझी ताई ऐरोलीत एका खाजगी शाळेत नववीला शिकवते. परवा दोन मुलांची मारामारी सोडवायला गेली तर त्यातल्या एकाने तिलाच ढकललं आणि स्टीलची बाटली उगारली, हिने त्याचा हात घट्ट धरून ठेवला, बस एवढंच, मारलं वगैरे काही नाही. मनगट सुजलंय तिचं. आता मुलाचे पालक म्हणतात टीचरने मुलावर हात टाकला, पोलिसात जाऊ, आणि शाळा तिलाच माफीनामा लिहून मागतेय!

मला माहितीय २००९ च्या आरटीई कायद्यात कलम १७ नुसार मुलांना मारायला बंदी आहे आणि ते बरोबरच आहे. पण भारतीय न्याय संहितेत कलम ३४ पासून पुढे स्वसंरक्षणाचा हक्क पण दिलाय ना, गरजेपुरताच बळ वापरायचं अशी अट आहे, मग नुसता हात धरणं त्यात बसतं ना?

सीसीटीव्ही फुटेज लेखी मागितलं तर शाळा नाही म्हणू शकते का? मेडिकल आत्ताच करून ठेवावं का? मुलगा १५ चा आहे, त्याचं आयुष्य बिघडावं असं ताईला अजिबात वाटत नाही, पण रोज घाबरत वर्गात जाते ती. ठाणे-नवी मुंबईत शिक्षकांच्या केसेस बघणारे कोणी वकील माहीत असतील तर प्लीज सांगा, सोमवारी मीटिंग आहे.