दोन चंद्र, आणि एकाही तिथीचा क्षय नाही?

खोडवा_पाटील:
माहुलीकरांनी काल त्यांच्या कादंबरीतल्या उरमाळ राज्याची कालगणना इथं टाकली. ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी: बारा महिने, प्रत्येकी 30 दिवस, वर्ष 360 दिवसांचं. आकाशात थोरली आणि धाकटी असे दोन चंद्र, धाकटी 'दूरवर फिरणारी', आणि दोघींची पौर्णिमा दर महिन्याच्या 15 तारखेला. सुगीचा सण हजार वर्षं सगळ्या राज्यात एकाच दिवशी. खाली ओळीनं 'कडक', 'भारी'. मला काही झोप लागेना, म्हणून उठून लिहितोय.

एकाच ग्रहाभोवती फेरी मारायला दोघींना सारखाच काळ लागतो, तर दोघी सारख्याच अंतरावर पाहिजेत. केप्लरनं हे 1619 मध्येच सांगून ठेवलंय. मग धाकटी दूरवर कशी? आपला एकच चंद्र बघा. महिना 29.53 दिवसांचा, बारा झाले की 354, आणि सूर्याशी मेळ घालायला 19 वर्षांत सात अधिक महिने. एकट्यानं एवढं नाचवलंय, तर दोघींनी उरमाळच्या जोशीबुवांना वेड लावायला हवं होतं. त्यांच्याकडं ना क्षय, ना वृद्धी. ह्याला कालगणना म्हणत नाहीत, हजेरीपट म्हणतात.

माहुलीकर:
माझं जग, माझा सूर्य. वर्ष 360 दिवसांचं ठेवलं तर तुमच्या घरचं काय जातं? वाचक तलवारबाजी बघायला येतो, जावयाला 33 अनारसे द्यायला नाही.

खोडवा_पाटील:
360 ला मी हरकत घेतलीच नाही. नीट वाचा. हरकत धाकटीला आहे.

हळदबाजार:
मला सणाचं खटकलं. सगळ्या राज्यात एकाच दिवशी? माझं माहेर मिरजेकडचं, तिथं कर्नाटकी बेंदूर, म्हणजे बैलांचा सण, ज्येष्ठात. सासर कोरेगाव, तिथं आषाढात. पुण्याची जाऊ श्रावणी अमावास्येच्या पोळ्यापर्यंत थांबते. लग्नानंतर पहिल्या वर्षी ज्येष्ठात सवयीनं पुरण घातलं, तर सासूबाई कढईकडं बघून म्हणाल्या, "कुणाचं श्राद्ध हाय?"

वाईचा_घाट:
बेंदूर आषाढातलाच खरा. कर्नाटकी वगैरे ही सीमेवरची सवय.

जत_कोरडं:
सवय? ओ वाईकर, आमच्या आज्ज्याच्या आज्ज्यानं ज्येष्ठी पौर्णिमेलाच शिंगं रंगवलीत. धोमच्या पाटाचं पाणी पिऊन आम्हाला खरं-खोटं शिकवू नका.

वाईचा_घाट:
पाण्याचा संबंध काय इथं? आणि तुमच्या दावणीला बैल आहे का आता, ते सांगा.

जत_कोरडं:
नाही. ट्रॅक्टरला हार घालतो आणि मातीची जोडी पाटावर मांडतो. ज्येष्ठातच. बोला.

हळदबाजार:
अहो, मी उरमाळबद्दल लिहिलं होतं.

मुदतपूर्व_निवृत्त:
बैलांचं सोडा, माणसांचं ऐका. माझा जन्म आसळकाच्या पावसातला. आई सांगायची, न्हाणीत गुडघाभर पाणी होतं आणि सुईण परातीवर पाय देऊन आली. आसळका म्हणजे आश्लेषा नक्षत्र, ते लागतं ऑगस्टच्या 3 तारखेच्या आसपास. गुरुजींनी दाखल्यावर लिहिलं 1 जून. माझंच नाही, अर्ध्या वर्गाचं. एक तारखेचा जन्म म्हणून 58 व्या वर्षी 31 मेलाच नारळ मिळाला. खऱ्या जन्मावर 31 ऑगस्टपर्यंत खुर्ची होती. तीन महिन्यांचा पगार गेला! आणि ह्यांच्या राज्यात प्रत्येक शेतकऱ्याला आपली जन्मतारीख पाठ.

खोडवा_पाटील:
काका, तुमच्या पगाराचं वाईट वाटलं, पण मुद्दा माझाच आहे. उरमाळच्या पावसांना नावंच नाहीत. आमच्या घरात 'जुलैचा दुसरा आठवडा' कोणी म्हणत नाही. पुनर्वसूचा तरणा, पुष्याचा म्हातारा, मघाचा सासूचा, पूर्वाचा सुनेचा, मग हत्तीचा. माझी आडसाली लागण जुलैत होते आणि तोड येते पुढच्या वर्षी हिवाळ्यात. ऊस एक, वर्षं दोन. 360 च्या चौकटीत बसवून दाखवा.

दप्तरखाना:
माहुलीकरांच्या बाजूनं एक सांगतो, कारण बाकीचे बैल सोडवण्यात गुंतलेत. राज्यकर्ता वरून चौकट लादू शकतो. 1674 ला राज्याभिषेक शक सुरू झालाच ना? पण त्याच वेळी, आणि पुढं पेशवाईच्या कागदांतही, आकडे अरबी शब्दांत लिहायचा शुहूर सन चालू राहिला. त्याचं वर्ष मृगाला सुरू व्हायचं, म्हणून तो मृगसाल. 22 मार्च 1957 पासून राष्ट्रीय दिनदर्शिका आहे. आकाशवाणीवर रोज ऐकतो, पण लग्नपत्रिकेवर एकदाही पाहिली नाही. टिळक पंचांगवाल्यांची संक्रांत बाकीच्यांच्या तीन-चार दिवस आधीच होऊन जाते. तेव्हा उरमाळच्या दरबारात 360 असू दे, गावात दुसरं काहीतरी चालतंय असं दाखवा.

वाईचा_घाट:
दप्तरात बेंदराची नोंद कुठल्या महिन्यात आहे, तेवढं बघून सांगा.

दप्तरखाना:
नाही सांगत.

माहुलीकर:
बरं, घ्या. थोरली 30 दिवसांची, धाकटी 24 ची. दर 120 दिवसांनी दोघी एकदम पूर्ण, म्हणजे वर्षाला तीन जत्रा. डोंगराकडचे थोरलीवर सण धरतात, नदीकाठचे धाकटीवर, आणि त्यावरूनच युद्ध पेटतं. तलवारबाजी तिथंच घालतो. जत-वाईकरांचे आभार, संवाद आयते मिळाले. झालं समाधान?

खोडवा_पाटील:
बरंय. पण 24 केलीत म्हणजे धाकटी थोरलीच्या आतून फिरणार. तुमच्या तिसऱ्या प्रकरणात ती अजून 'दूरवर लुकलुकते' आहे. आणि 24 नं 360 ला परत नि:शेष भाग जातोय. 24.3 करा, म्हणजे जोशीबुवांच्या पोटाला काहीतरी लागेल.

माहुलीकर:
कादंबरी तुम्हीच लिहा.

जत_कोरडं:
नदीकाठचे म्हणजे वाईवाले ना? त्यांना हरवा.