मदत हवी आहे : मानाउस (ब्राझील) – जुन्या शहराची दोन-अडीच तासांची पायी टूर कशी आखावी?

रानवारा_७

नमस्कार मंडळी. जूनच्या तिसऱ्या आठवड्यात अ‍ॅमेझॉनच्या जंगलातल्या लॉजवर जायचं ठरलंय. आम्ही दोघे आणि आई-बाबा (वय ६४ आणि ६८). साओ पाउलोहून विमान शनिवारी दुपारी एकला मानाउसला उतरतं आणि सोमवारी सकाळी आठला लॉजची गाडी न्यायला येते. म्हणजे हातात शनिवारची उरलेली दुपार आणि पूर्ण रविवार. हॉटेल नाट्यगृहाजवळ, लार्गोपासून (नाट्यगृहासमोरचा चौक) चालत पाच मिनिटांवर.

रबराच्या काळातलं जुनं शहर गाईडबरोबर पायी बघायचंय, फार लांबण न लावता. अडलेले प्रश्न असे :

१. टूर शनिवारी दुपारी की रविवारी सकाळी?
२. गाईड इथूनच ठरवायचा की तिथे जाऊन? त्यात नाट्यगृह आतून दाखवतात का?
३. आईचे गुडघे दुखतात. सपाटीवर दीड-दोन किलोमीटर चालते, चढ आला की थांबते.
४. आई-बाबा शाकाहारी. मासळीच्या गावात त्यांनी खायचं काय?
५. दोन नद्यांचा संगम रविवारीच उरकावा का?

यूट्यूबवर बरंच पाहिलं, पण सगळे नाट्यगृहासमोर उभे राहून तेच तेच सांगतात.

नकाशेवाला

आधी शनिवार-रविवारचा घोळ मिटवा, बाकीचं आपोआप जागेवर बसेल.

तेआत्रो आमाझोनास, म्हणजे तुमचं ते गुलाबी नाट्यगृह, मंगळवार ते शनिवार संध्याकाळी पाचपर्यंत आणि रविवारी दुपारी एकपर्यंतच बघता येतं. सोमवारी बंद. तालीम किंवा प्रयोग असला तर मधली एखादी फेरी रद्द होते, म्हणून त्या आठवड्याचं वेळापत्रक आधी बघून ठेवा. पायी टूरचा गाईड सहसा बाहेरच्या पायऱ्यांपर्यंतच येतो. आतली फेरी नाट्यगृहाचे स्वतःचे गाईड घेतात, तिकीट वेगळं, पोर्तुगीज आणि इंग्रजी गट वेगळे. लोकांची फजिती इथेच होते : टूर संपवून बाराला दारात पोचायचं आणि इंग्रजी फेरी नुकतीच सुटलेली असायची.

त्यामुळे नाट्यगृह शनिवारीच उरका. साओ पाउलोहून येताय म्हणजे इमिग्रेशन तिथेच झालेलं असेल, मानाउसला फक्त सामान घ्यायचं. घड्याळ एक तास मागे घ्या. विमानतळ मध्यवस्तीपासून १४ किलोमीटरवर आहे, उबर किंवा ९९ नावाचं अ‍ॅप चालतं. अडीच-तीनपर्यंत हॉटेल, साडेतीनला तिकीट खिडकी, चारच्या आसपासची फेरी. खिडकीवर पहिला प्रश्न 'इंग्रजी फेरी किती वाजता' हा विचारायचा, मग तिकीट काढायचं.

पायी टूर रविवारी सकाळी, आठच्या आत सुरू. मार्ग वरून खाली ठेवा : लार्गो दे साओ सेबास्तियाओ, तिथून आवेनीदा एदुआर्दो रिबेइरो, मग मात्रिझ कॅथेड्रल, जुनं कस्टम हाउस आणि तरंगता धक्का, शेवटी आदोल्फो लिस्बोआ मार्केट. थेट अंतर किलोमीटरभर, वळणं-थांबे धरून दीड-पावणेदोन. शहर नदीकडे उतरत जातं, म्हणून हा सगळा प्रवास उताराचा. परतीला बाजाराच्या दारातून गाडी करायची. काही गाईड बाजारापासून सुरू करून वर चढतात, कारण त्यांना नाट्यगृहापाशी 'शेवट चांगला' करायचा असतो. दहानंतर तो चढ सावलीशिवाय आहे आणि हवेतला दमटपणा मुंबईच्या मे महिन्याला मागे टाकेल. ताई, गाईडला आधीच लिहून कळवा की उलटा मार्ग नको.

रविवारी आवेनीदा एदुआर्दो रिबेइरोवर सकाळी बाजार भरतो, हस्तकला, रोपटी, खाण्याच्या टपऱ्या. वाहनं नसतात म्हणून आईंना रस्त्याच्या मधून आरामात चालता येईल. हा फायदा फक्त रविवारचा. तोटाही रविवारचाच : आजूबाजूच्या गल्ल्यांतली दुकानं बंद, रस्ते ओसाड. मुख्य मार्ग सोडून फोटोसाठी आत शिरू नका, फोन हातात नाचवत चालू नका. मध्यवस्तीत संध्याकाळी दुकानांची शटर पडली की हीच परिस्थिती. लार्गोवर मात्र रात्रीही वर्दळ असते. शहर विषुववृत्ताच्या ३ अंश दक्षिणेला, त्यामुळे सूर्य बाराही महिने सहाच्या सुमारास मावळतो आणि संधिप्रकाश फार रेंगाळत नाही.

बोरूबहाद्दर

नकाशेवाल्यांनी रस्ता सांगितलाच आहे. गाईडची भर घालतो.

ब्राझीलमध्ये टूर गाईडची नोंदणी पर्यटन मंत्रालयाच्या 'कादास्तुर' यादीत असते आणि ओळखपत्र गळ्यात असतं. बंदराजवळ आणि लार्गोवर गळ्यात पडणाऱ्यांना आधी तेच दाखवायला सांगा. तिघांपेक्षा जास्त माणसं असतील तर खासगी गाईड परवडतो, पण भाव माणशी आहे की गटाचा, हे मेसेजमध्ये लिहून घ्या. वाद नेमका तिथे होतो. टीपवर चालणाऱ्या मोफत टूर आहेत, मात्र त्यांचा वेग तरुण पोरांचा आणि रविवारी त्या निघतीलच असं नाही. तुमच्यासोबत आई आहेत, खासगीच घ्या.

पैसे : तिथे सगळे 'पिक्स'ने देतात, आपल्या यूपीआयसारखं. त्याला सहसा ब्राझीलचं बँक खातं आणि सीपीएफ (तिथला करदाता क्रमांक) लागतो, त्यामुळे पाहुण्याने त्यावर विसंबू नये. कार्ड दुकानांत चालतं, टपरीवर आणि टीपेला ५, १० आणि २० रेआइसच्या नोटा ठेवा. शंभराची नोट सुट्टी करायला सकाळी सकाळी कुणी तयार नसतं.

आता बघायचं काय, कारण तासाभरात वीस गोष्टी ऐकून एकही लक्षात राहत नाही. नाट्यगृह १८९६च्या ३१ डिसेंबरला उघडलं, पहिला ऑपेरा जानेवारी १८९७मध्ये झाला. आसनं साधारण ७००. घुमटावर ३६,००० रंगीत कौलं, ती आली आल्सासहून. लोखंड ग्लासगोचं, संगमरवर इटलीचा. चहूबाजूला जंगल असलेल्या गावात लाकूड सोडून बहुतेक सगळं बोटीने आणलं, यावरून रबराचा पैसा किती होता ते कळतं. आत गेलात की छताच्या मधोमध मान वर करा : आयफेल टॉवरच्या पायथ्याशी उभं राहून वर पाहिलं तर जसा दिसेल तसा रंगवलाय. रंगमंचाचा पडदा गुंडाळला जात नाही, सरळ उभा घुमटात उचलला जातो, म्हणूनच घुमट एवढा उंच. त्यावर नद्यांच्या संगमाचं चित्र आहे. वरच्या दिवाणखान्यात शिरताना बुटांवर चढवायच्या जाड कापडी सपाता देतात, जुन्या लाकडी जमिनीला ओरखडे पडू नयेत म्हणून. आईंना हात द्या, त्या सपाता घालून पाय घसरतो.

बाहेर चौकात काळ्या-पांढऱ्या दगडांच्या लाटा आहेत. गाईड म्हणेल की रिओच्या कोपाकबाना किनाऱ्यावरच्या लाटांच्या आधीच्या आहेत. ते खरंच. पण लिस्बनच्या रोसियो चौकात त्या एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावरच घातल्या होत्या, तेव्हा 'जगात पहिल्या' म्हणाला तर मान डोलावून पुढे चला. प्रसिद्ध इटालियन ऑपेरागायक कारुसो इथे गायला, हीही अशीच लोणकढी, तो मानाउसला कधी गायलाच नाही.

मेतकूट_भात

शाकाहाराचं माझ्याकडे लागलं.

रविवारी सकाळी हॉटेलात पोटभर खाऊ नका. बाजारात किंवा रविवारच्या टपऱ्यांवर 'तापिओका' मागा. कसाव्याच्या ओलसर पिठाचा तव्यावर जमलेला पांढरा घावन, आत लोणी, 'केइजो कोआल्यो' हे भाजायचं चीज आणि तुकुमाँ फळाच्या केशरी चकत्या. आपला साबुदाणा याच कंदाचा, त्यामुळे आईंना चव परकी वाटणार नाही. हेच सारण पावात तळलेल्या केळ्यासकट भरलं की त्याला 'शीस काबोकिन्यो' म्हणतात. या दोन्हींत मांस-मासळी नसते. तुकुमाँ थोडं तंतुमय, तेलकट असतं, पहिल्यांदा अर्धंच घ्या.

ताकाका संध्याकाळी लार्गोवरच्या टपरीत मिळतं, तुंबड्यासारख्या वाडग्यात. कसाव्याचा आंबट पिवळा रस, त्यात खळीसारखी चिकट पेज, जांबूची पानं आणि सुके सोडे. रस कच्चा विषारी असतो, कसाव्यातलं सायनाइड घालवायला तो बराच वेळ उकळतात, म्हणून घरी प्रयोग करायचा नाही, तयारच प्यायचा. जांबू म्हणजे आपल्याकडच्या अक्कलकाऱ्याच्या जातीची, जीभ आणि ओठ पाच-दहा मिनिटं बधिर होतात, घाबरू नका. 'सें कामाराँउ' म्हटलं की सोडे घालत नाहीत, पण डाव आणि भांडं तेच. कडक शाकाहारींनी हे सोडूनच द्यावं.

दुपारी 'पोर किलो' लिहिलेली खानावळ शोधा. ताट स्वतः वाढून घ्यायचं, वजनावर पैसे. भात, कोशिंबिरी, तळलेली केळी, कसाव्याचं भरड पीठ, सगळं डोळ्यांना दिसतं. घेवड्याच्या आमटीत मात्र मांसाचे तुकडे असतात, ती वगळा. नुसतं 'सें कार्ने' म्हणून भागत नाही, अनेकांच्या लेखी कोंबडी आणि हॅम हे 'कार्ने' नव्हेच. वस्तूचं नाव घेऊन विचारा.

रानवारा_७

वा, किती नेमकं! नकाशेवाला, मार्ग उताराचाच ठेवते. आणखी दोन शंका. जूनमध्ये नदीला पूर असतो म्हणतात, मग बाजाराकडचा भाग बघता येईल का? आणि पाऊस?

नकाशेवाला

पाऊस डिसेंबर ते मे जोरात, जूनमध्ये ओसरतो. सर येते, अर्धा तास कोसळते, जाते. छत्रीपेक्षा पायातलं महत्त्वाचं : लाटांचे ते दगड ओले झाले की तुळतुळीत होतात. चपटे रबरी तळवे असलेले बूट, सॅंडल नको. पदपथ मध्येच तुटलेले, कडेची पायरी वीतभर उंच, म्हणून आईंनी काठी घ्यावी.

पुराचं गणित वेगळं. गावातला पाऊस ओसरला तरी वरच्या खोऱ्यातलं पाणी उतरायला वेळ लागतो, म्हणून नदी सर्वांत वर असते ती जूनमध्येच. वर्षभरात मानाउसलगतच्या रिओ नेग्रो नदीची पातळी दहा मीटर किंवा त्याहून जास्त खालीवर होते. धक्का तरंगता का बांधला, त्याचं उत्तर हेच. २०२१च्या जूनमध्ये पातळी ३०.०२ मीटरला गेली, तो विक्रम. २०२४च्या ऑक्टोबरमध्ये ती १३ मीटरच्याही खाली होती. बंदराच्या भिंतीवर वर्षवार खुणा आणि आकडे लिहिलेत, गाईडला तिथे थांबवाच. दोन माणसं एकमेकांच्या खांद्यावर उभी केली तरी पुरणार नाहीत एवढं अंतर भिंतीवर दिसतं.

मोठ्या पुरात बाजारालगतच्या एक-दोन रस्त्यांवर पाणी येतं आणि लाकडी फळ्यांचे पूल टाकतात. त्या फळ्या अरुंद, कठडा असेलच असं नाही. तसं असेल तर आईंना त्यावरून नेऊ नका, कॅथेड्रलपासून गाडीने बाजाराच्या कोरड्या दाराशी उतरा. बाजार १८८३चा, लोखंडी सांगाडा, पॅरिसच्या ल आल मंडईच्या धर्तीवर. रविवारी तो दुपारीच मिटतो, साडेदहाच्या आत पोचा.

संगम रविवारी नको. त्यासाठी बोट, बंदर, तीन-चार तास. लॉज कोणत्या दिशेला आहे ते विचारा : सोलिमोंयश (संगमातली मातकट पाण्याची नदी) ओलांडून जायचं असेल तर सोमवारी तुमची बोट बहुधा संगमावरूनच जाईल. काळं आणि मातकट पाणी सहा किलोमीटर न मिसळता शेजारून वाहतं, कारण तापमान, वेग आणि गाळ, तिन्ही वेगळे.

बोरूबहाद्दर

एक आगाऊ सूचना. गाईडला फक्त झुंबरांबद्दल विचारू नका. रबराचा चीक काढणारे मजूर सावकारी उधारीत कसे अडकवले जात, पुतुमायोच्या खोऱ्यात आदिवासींवर काय झालं, ब्रिटिश अधिकारी रॉजर केसमेंटने १९१०मध्ये जाऊन काय नोंदवलं, हे विचारा. चांगला गाईड इथे खुलतो. आणि सगळं कोसळलं कसं, तर १८७६मध्ये हेन्री विकहॅम या इंग्रजाने ब्राझीलमधून रबराच्या सुमारे ७०,००० बिया लंडनच्या क्यू बागेत पोचवल्या, तिथून झाडं सिलोन आणि मलायात गेली. दोडामार्ग-सावंतवाडीकडच्या रबराच्या बागा त्याच जातीच्या.

सुपारी_चिकणी

एवढी चर्चा झाली आणि पिवळ्या तापाच्या लसीबद्दल कुणीच बोललं नाही! ब्राझीलमध्ये जाताना कदाचित कुणी विचारणार नाही, परत येताना भारतात विचारतील. प्रमाणपत्र नसेल तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरण. लस सरकारमान्य केंद्रांतच मिळते, मुंबई-पुण्यात आहेत, पण ठरावीक वारी आणि आधी नोंदणी करून. टोचल्यानंतर दहाव्या दिवसापासून प्रमाणपत्र ग्राह्य, एकदा घेतलं की आयुष्यभर. ते पिवळं पुस्तक पासपोर्टसोबत हातातल्या पिशवीत ठेवा, चेक-इनच्या बॅगेत नको. नाव आणि पासपोर्ट क्रमांक केंद्रावरच ताडून घ्या, एक अक्षर चुकलं तरी विमानतळावर डोकेदुखी.

रानवारा_७

आम्हा दोघांची झालीय, आई-बाबांची राहिलीय. बाबा ६८ आणि त्यांना अंड्याचं वावडं आहे. मग?

सुपारी_चिकणी

मग थेट केंद्रावर नेऊ नका, आधी त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे. ही जिवंत विषाणूची लस आहे, कोंबडीच्या अंड्यात वाढवलेली, त्यामुळे तीव्र वावडं असेल तर देत नाहीत. साठीनंतर पहिला डोस घेताना दुष्परिणामांचा धोकाही वाढतो. काय खाल्लं की काय होतं (पुरळ, सूज, श्वास लागणे) ते लिहून न्या आणि चालू गोळ्यांची यादी द्या, स्टेरॉइड असेल तर विशेष. लस टाळायचं ठरलं तर डॉक्टरांचं सूट-पत्र घ्या, पण त्याने भारतातलं विलगीकरण टळेलच असं धरू नका, परतीनंतर सहा दिवस मोकळे ठेवा. आणि मुळात लस नसताना बाबांना जंगलातल्या लॉजवर न्यायचं का, हा प्रश्न डॉक्टरांपुढे ठेवा. तिकिटं बदलता येण्याची मुदत कधी संपते ते बघून याच आठवड्यात वेळ घ्या.